घटाची माती

मांडवखेलच्या पंचायतीत न्यायालयाचा आदेश काचेच्या चौकटीत लावलेला होता. गावानं वर्गणी काढून तो मढवून घेतला होता. औद्योगिक वसाहतीचं सांडपाणी शिवारात एक थेंबही येता कामा नये. आलं, तर जबाबदार खातं नव्हे, पालनाच्या शपथपत्रावर सही करणारा अधिकारी, व्यक्तिशः. चौकट लागली त्या दिवशी बायकांनी तिला हळदकुंकू वाहिलं होतं.

आणि पंचायतीच्या मागून नाला वाहतच होता. कधी पिवळा, कधी जांभळट. वास इतका की मागच्या खोलीची खिडकी कायमची खिळे ठोकून बंद केलेली. दर तिमाहीला न्यायालयात शपथपत्र जायचं, 'आदेशाचे पालन करण्यात आले आहे', आणि खाली सही असायची दिगंबर केशव हरदास यांची. सहनियंत्रक, मृदा प्राधिकरण.

हा दिगंबर याच गावचा. रामाच्या उत्सवात ज्याचं कीर्तन ऐकायला आसपासची गावं लोटतात तो दिगंबरबुवाही हाच. आणि नाल्याकाठी निशिगंध लावणाऱ्या इंदुमतीचा पाठचा भाऊही हाच.

इंदूअक्का लग्नानंतर तीन वर्षांत कुंकू पुसून माहेरी आली, तेव्हा तात्यांनी, म्हणजे दोघांच्या वडिलांनी, तिला दोन गोष्टी दिल्या: नाल्याकाठची जमीन आणि स्वतःची बाजाची पेटी. तात्या कीर्तनकार. दिगू पाच-सहा वर्षांचा असताना एकदा त्यांच्या गादीवर चढून उभा राहिला होता. तोंडाला पेढा लागलेला. तात्यांनी विचारलं, "नैवेद्याचा पेढा तू खाल्लास का रे?" दिगूनं तोंड उघडलं, तसे तात्या घाईनं म्हणाले, "थांब थांब! खोटं बोलायचंय ना? मग आधी गादीवरून खाली उतर. ही नारदाची जागा आहे, बाबा. इथं उभ्या असलेल्याच्या मी स्वतः पाया पडतो." दिगू खाली उतरला आणि म्हणाला, "नाही खाल्ला." सगळं देऊळ हसलं. पुढं दिगू स्वतः बुवा झाला, तरी दर उत्सवात कुणीतरी हा किस्सा सांगायचंच आणि तो लाजायचा.

माणसं खोटं बोलतात हे न्यायालयालाही ठाऊक होतं. म्हणून मातीचीच साक्ष काढायचं ठरलं.

पेरणीआधी डॉक्टर नसीम बागवान पुण्याच्या प्रयोगशाळेतून आल्या तेव्हा त्यांनी देवळाच्या सभामंडपातच सगळ्यांना बसवलं. "जिवाणूवर विषाणूचा हल्ला झाला," त्या म्हणाल्या, "की जिवाणू त्या शत्रूचा एक तुकडा आपल्या जनुकांत जपून ठेवतो. पुढचा हल्ला झाला की दुसरा तुकडा, पहिल्याच्या शेजारी. क्रम कधी चुकत नाही. निसर्गानंच केलेली ही सोय. आम्ही मातीतला एक साधा जिवाणू घेतला आणि त्याला सांगितलं, शत्रूचे नको, दिवसांचे तुकडे ठेव. दिवसभरात नवं रसायन आलं नाही तर पांढरा मणी ओव. आलं तर काळा."

"म्हणजे जपमाळच की," तबल्यावर बसणारा भिकाजी उबाळे म्हणाला.

"माळच. फरक एवढाच की ओवलेला मणी काढता येत नाही. आणि प्रत्येक शेतातल्या जिवाणूला आम्ही वेगळी खूण दिली आहे. इंदुताईंच्या शेतातला कुठंही सापडला, तरी तो त्यांच्याच शेतातला, हे कुणालाही नाकारता येणार नाही. माती वाळली तर तो कवच घेऊन झोपतो. ओल मिळाली की उठतो आणि पुढचा मणी ओवतो."

"मारायचा कसा?" भिकाजीनं विचारलं. गाव हसलं.

"कडक जंतुनाशक ओतून," नसीमबाई हसून म्हणाल्या. "पण असं कोण करील?"

प्रत्येक शेताच्या एका कोपऱ्यात सिमेंटच्या कड्याचा चौकोन करून त्यात हे जिवाणू सोडले. पाण्याचा उतार पाहून बाईंनी ईशान्य कोपरा निवडला. गावाला ते पटलंच, कारण ईशान्य कोपरा देवाचा; तिथं कुणी नांगर घालत नाही आणि नवरात्रात घटासाठी माती तिथूनच घ्यायची. चौकोनावर पाटी लागली: 'माती उचलू नये, दंड होईल.' घटस्थापनेच्या आदल्या दिवशी इंदूअक्कानं ती पाटी वाचली, हात जोडले आणि पाटीच्या मुळाशीच उकरून पळीभर माती घेतली. "देवाची माती ती. तिला यंत्राची परवानगी?" म्हणत आणखी दोन मुठी दिगूसाठी पिशवीत बांधल्या. तो शहरात सातव्या मजल्यावर राहतो. पण घटाला माती आपल्या शेताचीच हवी, हा हरदासांचा कुळाचार. दरवर्षी पिशवी ती पाठवायची.

दसऱ्याला तिनं आपल्या विरळ उगवलेल्या घटाची माती रिवाजाप्रमाणे त्याच चौकोनात परत टाकली. सगळ्या गावानं तसंच केलं.

आणि पौषात प्राधिकरणाचा टँकर आला.

"देखभाल आहे," निळ्या डगल्यातला माणूस म्हणाला. नळी चौकोनात सोडली. वास असा आला की अक्काच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं.

"कसली देखभाल? काय ओततोयस?"

"संरक्षक द्रावण. वरून आलंय, मावशी. मला काय विचारता?"

ती नळीवर पाय देऊन उभी राहिली. त्यानं नम्रपणे मोबाईलवर कागद दाखवला. शासकीय कामात अडथळा, पाच वर्षं. भिकाजीनं तिला दंडाला धरून बाजूला घेतलं. संध्याकाळपर्यंत टँकरनं गावातले सगळे चौकोन 'देखभालून' टाकले. नसीमबाईंनी नमुने नेले, तपासले आणि फोनवर बोलतानाच त्यांचा आवाज फाटला. "एकही जिवंत नाही, ताई. मेलेल्यांची माळही विरघळलीय. कोरी करकरीत माती."

मातीला तोंड फुटलं, तेव्हा या लोकांना पहिलं काय सुचलं असेल तर तिचं तोंड दाबणं! नाला बंद करायला जेवढा खर्च आला असता, त्याच्या शंभराव्या हिश्शात माती मुकी झाली. हुशारच माणसं. शिकलेली.

अक्कानं भावाला फोन लावला.

"टँकर तू पाठवलास?"

"अक्का, ते वरून..."

"वर रामराया आहे. त्यानं पाठवला?"

दिगू त्याच्या कीर्तनातल्या, समजूत घालणाऱ्या आवाजात बोलू लागला. "हे बघ. मी सही नाही केली तर दुसरा करील. मी आहे म्हणून निदान सणासुदीला सोडत नाहीत, पेरणीत सोडत नाहीत. माझ्यापरीनं मी गाव सांभाळतोच आहे."

"माझे कंद कुजलेत, दिगू. उपटला की हातात लगदा येतो. तुझ्या गळ्यात दरसाल पडतो त्या हारातल्या फुलांचे कंद."

"हार बाजारातून आणू की या वर्षी," दिगू म्हणाला.

तिनं फोन ठेवला. चुलीवरचं दूध उतू जाताना दिसत होतं, तरी रागात तिनं ते उतरवलं नाही.

पुढची तारीख चैत्राच्या शेवटी होती. गावाच्या वकीलबाईंनी स्पष्ट सांगितलं: साक्ष नसली तर अवमान याचिका पडेल, आदेश 'पालन झाले' म्हणून निकाली निघेल आणि वसाहतीच्या दुसऱ्या टप्प्याला याच नाल्याची मंजुरी मिळेल. मग चौकट खाली उतरवायची आणि जमिनी विकायच्या. घ्यायला माणसं आधीच फिरत होती.

त्याआधी रामाचा उत्सव आला. आणि दिगंबरबुवा कीर्तनाला आले.

"येतो कोणत्या तोंडानं?" भिकाजी तबला लावताना पुटपुटला.

"त्याच. गोड आहे ना तोंड," अक्का म्हणाली आणि पेटीचा भाता सोडवला. तात्या गेल्यापासून दिगूच्या प्रत्येक उत्सवी कीर्तनाला पेटीवर तीच असायची. या वर्षी बसणार नाही असं तिनं ठरवलं होतं. पण रामापुढची सेवा भावाच्या पापापायी का सोडायची? ती बसली.

दिवेलागणीला कीर्तन उभं राहिलं. मंडप भरला होता, बायकांच्या बाजूला पुढंच दिगूची बायको कल्याणी बसली होती. आणि खरं सांगायचं तर बुवा रंगले. तसं गाणं त्या पंचक्रोशीत कुणाला येत नाही. नामघोष वर गेला तेव्हा म्हाताऱ्यांचे डोळे भरून आले, झांजा आपोआप एका लयीत आल्या आणि अक्काची बोटंही त्या सुरामागं आनंदानं धावली. हाच तर संताप होता तिचा. देवानं असा गळा द्यावा आणि याच गळ्यानं शपथपत्राच्या वेळी आवंढा गिळावा! पूर्वरंगात बुवांनी विषय घेतला होता वाणीचा. "देवानं दात बत्तीस दिले आणि जीभ एकच," ते म्हणाले. "पहारा एवढा कडक का? कारण आतली वस्तू तितकी मोलाची!" मंडप खूश झाला. भिकाजीनं मात्र तबल्यावर नको तेवढी जोराची थाप मारली.

पूर्वरंग संपला. आता बुक्का लावायचा, हार घालायचा आणि बुवांच्या पाया पडायचं. वय, नातं, काही पाहायचं नाही. गादीवर उभा आहे त्याला नमस्कार. दरसाल हार हरदासांच्या शेतातला आणि घालायचा अक्कानं. ती सूर भिकाजीच्या मुलाच्या हाती द्यायची, भाताही तोच हलवायचा आणि ती उठायची. या वर्षी ती उठली नाही. डाव्या हातानं भाता स्वतःच हलवत राहिली. षड्ज मंडपात उभा होता.

"बुवा," ती बसल्या जागेवरून म्हणाली. "हार नाही. फुलंच आली नाहीत. एक विचारू?"

कीर्तनात गादीवरच्या माणसाला कुणी अडवत नाही.

"विचारा ना, अक्का," बुवा हसून म्हणाले.

"नाला बंद झाला का?"

झांज धरलेल्या कुणाच्या तरी हातून ती निसटली आणि फरशीवर गोल फिरत राहिली. दिगूनं उपरण्यानं कपाळ पुसलं. रामाकडं पाहिलं. अक्काकडं पाहिलं. सूर थांबत नव्हता.

"ही ती जागा नव्हे, अक्का."

"हीच ती जागा. तात्या म्हणायचे हीच."

मग त्यानं चिपळ्या खाली ठेवल्या. एक पाऊल मागं घेतलं, गादीवरून खाली फरशीवर उतरला. आणि सरळ उभा राहून, शपथपत्राच्या भाषेत म्हणाला, "आदेशाचे पालन करण्यात आलेले आहे."

अक्काचा भात्यावरचा हात थांबला. सूर बसत बसत विझला.

कुणी हसलं नाही. तो पेढ्याचा किस्सा त्या मंडपात माहीत नसलेलं एकही माणूस नव्हतं. भिकाजीनं तबल्यावर खोळ घातली आणि उठला. त्याच्यामागून ओळीनं माणसं उठली. रामाला नमस्कार करून, बुवाकडं न पाहता, एकेक पायरी उतरून गेली. गादीवरचा उत्तररंग त्या वर्षी झालाच नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी एसटीतून कल्याणी एकटीच उतरली. उत्सवाच्या रात्रीच ती नवऱ्याबरोबर शहरात परतली होती आणि पहिल्या गाडीनं पुन्हा आली होती. लहान मूल घ्यावं तशी तुळशीची कुंडी तिनं कडेवर घेतली होती. साडीला माती लागली होती.

"वन्सं," ती दारातच म्हणाली, "ही घ्या."

"हे काय?"

"तुमचं शेत. आमच्या बाल्कनीत असतं." ती खाली बसली आणि बोलू लागली ते एका दमात. "सातव्या मजल्यावर घटाची माती कुठं टाकायची? हे म्हणायचे, कचऱ्यात नको, पाप लागेल, तुळशीत घाल. या दसऱ्याला तुम्ही पाठवलेली सगळी माती हिच्यातच घातली, वरच्या थरात. हिच्यापर्यंत काही टँकर आला नाही. आणि वन्सं, घट उगवलाच नव्हता हो यंदा. नऊ दिवस पाणी घातलं, एक कोंब नाही. ह्यांनी बघितलं. देवापुढं बसून बराच वेळ बघत राहिले. मग म्हणाले, कुणाला सांगू नकोस, बाजारातून धान्याचे कोंब आणून ठेव. मी ठेवले. सोसायटीतल्या बायका येऊन नमस्कार करून गेल्या." तिनं पदरानं नाक पुसलं. "ह्यांना कळलं होतं, वन्सं. तेव्हाच कळलं होतं. काल ते गादीवरून उतरले नसते ना, तर मी ही आणलीही नसती. मला वाटत होतं, बिचारे अडकलेत. पण ज्याला उतरायचं कळतं, त्याला सगळंच कळतं."

अक्का कुंडीकडं पाहत राहिली. तुळस किडकिडीत होती, खालची पानं काळवंडलेली, पण शेंड्याला कोवळी पालवी होती.

"कल्याणी, हे दिलंस तर तो तुरुंगात जाईल."

"जाऊ दे," कल्याणी म्हणाली आणि मग रडली.

सुनावणीला न्यायालयाच्या मोठ्या पडद्यावर डॉक्टर नसीम बागवान यांनी माळ दाखवली. खूण इंदुमती हरदास यांच्याच शेताची. सुरुवातीला चार पांढरे मणी. मग काळे. मग पुन्हा काळे. पेरणीत काळे, पोळ्याला काळे, गौरी-गणपतीत काळे. सणासुदीला सोडत नाहीत म्हणे! घटस्थापनेपर्यंत काळ्याची ओळ आणि तिथून पुढं, एकाएकी, पांढरेच पांढरे.

"इथं काय झालं?" न्यायमूर्तींनी चष्मा वर करून विचारलं.

"इथं माती त्या गावातून सुटली, माय लॉर्ड. पुढचं पाणी शहराच्या नळाचं आहे."

प्राधिकरणाचे वकील उठले. पाटी लावलेली असताना चौकोनातली माती उचलणं हाच गुन्हा. बेकायदा उचललेला नमुना पुरावा कसा? आणि ही कुंडी कुठून आली, कुणाची, काय ठाऊक?

"माती मी उचलली," अक्का मागच्या बाकावरून उभी राहिली. "दंड सांगा, भरते. पुढच्या नवरात्रातही उचलीन, तोही आत्ताच घेऊन ठेवा."

न्यायमूर्तींनी तिला बसायला सांगितलं. पण त्यांच्या मिशीत काहीतरी हललं. मग ते पिंजऱ्यात उभ्या असलेल्या दिगंबरकडं वळले. "सहनियंत्रक, ही कुंडी कुणाची, एवढंच सांगा."

एकट्या कल्याणीच्या सांगण्यानं भागणार नव्हतं; सगळं त्या उत्तरावर होतं. 'माझी नव्हे' म्हटलं की पुरावा बेवारस, याचिका खलास, गाव खलास. दिगूच्या वकिलानं त्याला बारीकशी मान हलवून तेच सुचवलं. दिगूनं आपल्या पायांकडं पाहिलं. पिंजऱ्याला लाकडी चौथरा होता, एक पायरी उंच. तो सरकला, त्याचा पाय कडेपर्यंत आला.

"उभे राहा तिथंच," न्यायमूर्ती म्हणाले. "परवानगीशिवाय उतरता येत नाही."

दिगूचा पाय परत जागेवर आला. मग तो म्हणाला, आणि तो आवाज शपथपत्राचा नव्हता, "माझ्या घरच्या घटाची माती आहे ती. उगवला नाही तो."

त्याच दुपारी वसाहतीतल्या सांडपाण्याच्या झडपांना सील लागलं. नाल्याचं पाणी उतरताना पाहायला सगळं गाव काठावर जमलं, आणि तळाचा चिखल दिसला तेव्हा टाळी कुणी वाजवली नाही. अक्काला पळीभर माती उचलल्याबद्दल दंड झाला तो झालाच. कायदा तिच्या बाबतीत अगदी वेळेवर पोहोचला.

पुढच्या तारखेला दिगंबरला कैद झाली. न्यायालयाच्या व्हरांड्यात दोन पोलीस त्याला घेऊन चालले होते. बाकावर अक्का बसली होती, मांडीवर परत मिळालेली कुंडी. तो थांबला. पोलीसही थांबले, त्यातला एक त्याची कीर्तनं ऐकलेला असावा.

दिगू वाकला. तिच्या पायांकडं हात नेला. तिनं पाय बाकाखाली ओढून घेतले.

"माझ्या नको पडूस," ती म्हणाली आणि कुंडी त्याच्यासमोर फरशीवर ठेवली. "हिच्या पड."

येणारेजाणारे वकील पाहत होते. दिगू गुडघ्यांवर बसला. कपाळ त्या मातीला टेकलं, तुळशीची पानं त्याच्या केसांत अडकली. बराच वेळ तो उठला नाही. कल्याणीनं तोंड फिरवलं. अक्काला वाटलं, आपला राग आता उतरेल. भाऊ आहे, पाठचा आहे, आपल्याच कडेवर वाढलेला आहे. तिनं वाट पाहिली. राग उतरला नाही. तो फक्त दिगूच्या डोक्यावरून पुढं सरकला, आणखी वर, या इमारतीच्याही वर, जिथून टँकर आला होता तिथं.

"झालं पडून?" ती म्हणाली.

त्यानं मान वर केली. कपाळाला माती होती.

"मग तोंड पुसू नकोस. तसाच राहा. तू या मातीच्या पुढ्यात आहेस, इथून खाली उतरायला जागा नाही." तिनं हात करून वकीलबाईंना जवळ बोलावलं. "बाई, इकडं या. आणि ऐका." मग भावाकडं वळून, तात्या विचारायचे तशा आवाजात, तिनं विचारलं, "टँकर कुणी पाठवला, दिगू?"

पोलिसानं घड्याळाकडं पाहिलं आणि मग मुद्दाम दुसरीकडं पाहिलं.

दिगूनं एक नाव घेतलं.

"मोठ्यानं," अक्का म्हणाली. "कीर्तनात म्हणतोस तसं. मागच्यांना ऐकू जाऊ दे."